पाण्यात सोडण्यापूर्वी एकदा वाचा

विद्यार्थी मित्रांनो, आपल्या आजोबांच्या आजोबांचे नाव काय, असे कोणी विचारले तर आपल्यापैकी किती जणांना सांगता येईल? पणजोबांपर्यंत पोहोचता पोहोचताच बहुतेकांची जीभ अडखळते. हा दोष पूर्वजांचा नव्हे. त्यांनी कागद जपले. आपण ते वाचण्याचे सोडले.

अल्लाहचे नाव असलेला कागद पायदळी येऊ नये म्हणून जीर्ण कागद वाहत्या पाण्यात सोडण्याची चाल आपल्याकडे आहे. भावना चांगलीच आहे. परंतु माझ्या लहानपणी आमच्या घरातील एक आख्खे बोचके असेच ओढ्याला गेले. त्यात धार्मिक कागद किती होते आणि सनदा किती, हे आज सांगणारे कोणी उरलेले नाही.

जुना कागद म्हणजे तो फार्सी किंवा उर्दूच असणार, असा आपला समज असतो. तो खरा नाही. काझी, मुलाणी, इनामदार अशा घराण्यांचे कित्येक निवाडे व महजर मराठीत, मोडी लिपीत आहेत. त्यांवर "इहिदे सितैन मया व अलफ" असे शब्द दिसले तर घाबरू नका. मदरशात ज्याने अरबी अंक गिरवले आहेत, त्याला हे सहज उमजेल: एक, साठ, शंभर आणि हजार, म्हणजे ११६१. हा सुहूर सन. तो मृग नक्षत्रापासून सुरू होतो. त्यात ५९९ मिळवावेत. जानेवारीपासून पुढील मृगापर्यंत ६०० मिळवावेत, म्हणजे इसवी सन येतो. ११६१ म्हणजे १७६०-६१, पानिपतच्या लढाईचे साल! हिजरी तारखांसाठी रॉबर्ट स्युएल व शंकर बाळकृष्ण दीक्षित यांचा 'द इंडियन कॅलेंडर' (१८९६) हा ग्रंथ पाहावा. त्यात तारखा बदलून घेण्याची कोष्टके आहेत.

शब्द अडले तर माधवराव पटवर्धन यांचा 'फार्शी-मराठी कोश' (१९२५) उपयोगी पडतो. गावगाड्यात मुलाण्याचे काम व हक्क काय होते, हे त्रिंबक नारायण आत्रे यांच्या 'गाव-गाडा' (१९१५) या पुस्तकात सापडेल. जिल्ह्याची माहिती हवी असल्यास जुने मुंबई गॅझेटियर काढा: रत्नागिरी व सावंतवाडी १८८०, कुलाबा व जंजिरा १८८३, सोलापूर १८८४. त्यांत मुसलमान समाजांचे व्यवसाय व रीतिरिवाज नोंदलेले आहेत. मात्र ही वर्णने राज्यकारभारासाठी लिहिलेली आहेत. एखाद्या समाजाच्या स्वभावावर मारलेले शेरे इतिहास म्हणून स्वीकारू नयेत.

ग्रंथ वाट दाखवतात. घराण्याचे नाव सापडते ते दप्तरात. गावच्या जन्म-मृत्यूच्या नोंदी म्हणजे कोतवाल बुक, जमिनीचे जुने उतारे, काझींकडील निकाहाची नोंदवही आणि शाळेचे जनरल रजिस्टर, या क्रमाने मागे जावे. पेशवेकालीन कागदांसाठी पुण्याचे पुरालेखागार आहे. मराठवाड्यातील इनामदार घराण्यांनी निजामी अमलातील मुंतखब शोधावा.

पालकहो, हा केवळ हौसेचा विषय नाही. इतर मागास वर्गाच्या दाखल्यासाठी १३ ऑक्टोबर १९६७ पूर्वीचा पुरावा मागतात, तेव्हा आजोबांच्या शाळेतील एका ओळीवर नातवाचा प्रवेश अवलंबून असतो. ती ओळ ऐन वेळी शोधण्यापेक्षा आजच काढून ठेवलेली बरी.

म्हणून या सुट्टीत एवढे करा. घरातील वडीलधाऱ्यांजवळ बसून नावे, गावे व नाती एका वहीत उतरवा. कोणी काय सांगितले, तेही लिहा. माळ्यावरचे बोचके सोडा आणि मोडी जाणणाऱ्याकडून एकेक कागद वाचून घ्या. ज्या कागदाचे वाचन झाले नाही, तो कितीही फाटका असला तरी पाण्यात सोडू नका. त्यावर अल्लाहचे नाव असेल, तसेच आपल्या पणजोबांचेही असेल.