पोस्टरवरचा शब्द

काठीच्या राजवाडी होळीला ढोल जितके येतात, त्याहून जास्त हल्ली कॅमेरे येतात, असं मी गमतीनं म्हणतो. अक्कलकुवा तालुक्यातलं हे गाव. रात्रभर बावे-बुध्या नाचतात, पहाटे होळी पेटते, आणि उजाडल्यावर शहरांच्या गाड्या फोटो घेऊन परत जातात. मणिबेलीचंही तेच. सरदार सरोवराच्या पाण्याविरुद्ध लढणाऱ्या माणसांवर आनंद पटवर्धन आणि सिमंतिनी धुरू यांनी १९९५ मध्ये ‘नर्मदा डायरी’ हा माहितीपट केला. मनापासून केलेलं काम. पण कॅमेरा धरणारे हात बाहेरचेच होते. २०११ च्या जनगणनेनुसार आमच्या नंदुरबार जिल्ह्यात दहातली जवळजवळ सात माणसं आदिवासी आहेत, आणि त्यांना पडद्यावर आजवर बहुतेक इतरांनीच दाखवलं.

तोच कॅमेरा आतल्या माणसाच्या हाती गेला तर? याचं उत्तर मला सोलापूर जिल्ह्यात सापडलं, करमाळा तालुक्यातल्या जेऊरला. नागराज मंजुळे तिथले. जन्म १९७७ चा, वडार कुटुंबात. वडार म्हणजे पिढ्यान्‌पिढ्या दगड फोडणारे. इंग्रजांच्या १८७१ च्या कायद्यानं कितीतरी जमातींवर जन्मतःच गुन्हेगारीचा शिक्का मारला. १९५२ मध्ये तो शिक्का पुसला गेला आणि त्या ‘विमुक्त’ झाल्या. आज महाराष्ट्राच्या विमुक्त जातींच्या यादीत वडार आहेत, कैकाडी आहेत आणि छप्परबंद ही मुस्लिम जमातही आहे. (यादीला धर्म कळत नाही, एवढं तिचं कौतुक करायला हरकत नाही.)

मंजुळे आधी कवी, म्हणून मला जवळचे. ‘उन्हाच्या कटाविरुद्ध’ हा त्यांचा संग्रह. पुण्यात मराठी घेऊन एम. ए. केल्यावर ते संज्ञापन शिकायला अहमदनगरला, म्हणजे आजच्या अहिल्यानगरला गेले. तिथं अभ्यासाचा भाग म्हणून केलेल्या ‘पिस्तुल्या’ या लघुपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. शाळेची ओढ लागलेल्या पोराची ती गोष्ट. त्यातला सूरज पवार पुढं त्यांच्या मोठ्या चित्रपटांतही दिसला. आपली माणसं ते एका चित्रपटापुरती घेत नाहीत.

मग आला ‘फँड्री’. २०१३ मध्ये महोत्सवांत गाजला, १४ फेब्रुवारी २०१४ ला महाराष्ट्रात लागला. फँड्री म्हणजे डुक्कर, कैकाडी भाषेत. मी पोस्टरसमोर उभा राहून अर्थ विचारत होतो. बरोबरच्या कुणालाच सांगता येईना. जी भाषा बोलल्यावर लोक नाकं मुरडतील म्हणून घराबाहेर दाबून टाकायची, तिचा शब्द गावोगावच्या भिंतींवर चिकटला होता आणि अर्थ विचारायची पाळी आमच्यावर आली होती! डुकरामागं धावणारं जब्याचं कुटुंब शाळेतून ‘जन गण मन’ ऐकू येताच जागच्या जागी थबकतं. डुक्कर मात्र थांबत नाही. थिएटरात काहीजण हसले, मग तेही गप्प झाले. जब्या झालेला सोमनाथ अवघडे हलगी वाजवणारा पोरगा, आधी कधी अभिनय न केलेला. त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. आणि जब्याचा बाप झाले किशोर कदम, म्हणजे कवी सौमित्र. पुन्हा कवीच!

‘सैराट’बद्दल काय सांगायचं? २०१६ चा तो उन्हाळा सर्वांच्या लक्षात आहे. लोक खुर्च्या सोडून नाचले आणि शेवटच्या निःशब्द दृश्यानंतर खाली मान घालून बाहेर पडले. २०२२ च्या ‘झुंड’मध्ये अमिताभ बच्चन होते, तरी माझं लक्ष झोपडपट्टीतल्या पोरांवरच राहिलं. पण माझ्यापुरता हिशेब ‘फँड्री’पाशीच अडतो.

त्याला कारण आहे. आमच्या घरात बोलली जाते ती ना धड उर्दू, ना धड मराठी. खानदेशच्या बाजारात घडलेली बोली. माझी पहिली कविता आईवर होती. मी तिला हाक मारायचो ‘अम्मा’. कवितेची शुद्ध प्रत करताना मी ‘अम्मा’ खोडून ‘आई’ केलं. मला कुणी तसं सांगितलं नव्हतं. कविता छापून आली, चारजणांनी नावाजली. अम्माला वाचता येत नव्हतं, म्हणून मीच तिला वाचून दाखवली. ऐकून झाल्यावर तिनं विचारलं, “ये किसकी माँ है, बेटा?”

‘फँड्री’ पाहून परतलो त्या रात्री मी ते जुनं कात्रण शोधून काढलं. अम्मा तोवर राहिली नव्हती.