प्लेटलेट फॅक्टर-४

प्लेटलेट फॅक्टर-४ (पीएफ-४; केमोकाइनांच्या वर्गीकरणातील नाव सीएक्ससीएल-४) : रक्तातील प्लेटलेट म्हणजे बिंबाणू उद्दीपित झाले की त्यांच्यातून बाहेर पडणारे लहान आणि तीव्र धनभारित प्रथिन. पेशींना विशिष्ट दिशेने हलायला लावणाऱ्या संदेशवाहक प्रथिनांच्या कुलाला केमोकाइन म्हणतात. पीएफ-४ रचनेने याच कुलातले असले, तरी वागणुकीने निराळे आहे. पेशींना बोलावून आणण्याचे काम ते बेताचेच करते. ऋणभारित रेणूंना घट्ट चिकटण्याचे काम मात्र विलक्षण जोमाने करते. रक्त पातळ ठेवणारे हिपॅरिन, रक्तवाहिन्यांच्या अस्तरावरील शर्करासाखळ्या, जीवाणूंचे आवरण, पेशीबाहेर सांडलेले डीएनए, काही विषाणूंचे कवच या सर्वांवर ऋणभार असतो आणि या सर्वांना ते धरते. त्याची उपकारक आणि घातक कार्ये वरवर विस्कळीत वाटतात. हा एक गुण ध्यानात ठेवला, तर त्यांतील बहुतेकांचा उलगडा होतो.

प्लेटलेटमधून मिळणाऱ्या आणि रक्त गोठण्यावर परिणाम करणाऱ्या घटकांना १९५०च्या दशकात क्रमांक देण्यात आले. हिपॅरिन निष्प्रभ करणारा घटक त्यांत चौथा होता. त्याच्या ॲमिनो अम्लांचा क्रम १९७७ मध्ये निश्चित झाला. पुढे ज्या कुलाला केमोकाइन हे नाव मिळाले, त्यातील क्रम कळलेले हे पहिले प्रथिन. कुलाची व्याख्या मात्र नंतर सापडलेल्या सदस्यांवरून ठरली आणि हा पहिला सदस्य तिच्यात नीट बसला नाही. न्यूट्रोफिल पेशींना खेचणाऱ्या केमोकाइनांमध्ये तीन ॲमिनो अम्लांची एक ठरावीक खूण असते. ती पीएफ-४ मध्ये नाही.

रचना : मानवी पीएफ-४ ची एक साखळी ७० ॲमिनो अम्लांची असते. तिचे जनुक चौथ्या गुणसूत्रावर आहे. रक्तात अशा चार साखळ्या एकत्र येऊन सुमारे ३१ किलोडाल्टन वजनाचा चौपदरी रेणू बनतो. लायसिन आणि आर्जिनिन या धनभारित अम्लांच्या जागा अशा जुळतात, की रेणूच्या मध्यभागी करगोट्यासारखा धनभाराचा पट्टा फिरतो. हिपॅरिनची लांब ऋणभारित साखळी या पट्ट्याला वेढा घालते. पीएफ-४ शी जवळजवळ तंतोतंत मिळते, फक्त तीन ॲमिनो अम्लांनी वेगळे असे एक भावंड प्रथिनही माणसात आढळते. नव्या रक्तवाहिन्यांची वाढ रोखण्यात ते पीएफ-४ पेक्षा प्रभावी ठरले आहे.

साठा आणि मुक्तता : अस्थिमज्जेतील मेगाकॅरिओसाइट या प्रचंड पेशी पीएफ-४ तयार करतात आणि त्यांच्यापासून सुटणाऱ्या प्लेटलेटमध्ये ते आल्फा कणिकांत बांधून ठेवतात. साठवणीतही ते मोकळे नसते. सर्ग्लायसिन नावाच्या ऋणभारित रेणूला बिलगलेले असते. जखम झाली, वाहिनीच्या अस्तराखालचे कोलॅजन उघडे पडले किंवा थ्रॉम्बिन तयार झाले, की प्लेटलेट उद्दीपित होतात आणि कणिका रिकाम्या करतात. निरोगी माणसाच्या रक्तद्रवात दर मिलिलिटरमागे पीएफ-४ काही नॅनोग्रॅमच असते; गोठलेल्या रक्तातून वेगळ्या केलेल्या रक्तजलात ते सुमारे हजारपट भरते. म्हणून हे मोजताना प्रयोगशाळेला फार जपावे लागते. दंडावरचा पट्टा जास्त वेळ आवळून ठेवला, सुई नीट लागली नाही किंवा नमुना रेंगाळला, तर प्लेटलेट नळीतच उद्दीपित होतात आणि येणारा आकडा रुग्णाचा नसून रक्त काढण्याच्या पद्धतीचा असतो.

रक्त गोठण्यातील भूमिका : वाहिन्यांच्या अस्तरावर हेपॅरान सल्फेटच्या साखळ्या असतात. त्यांच्या आधाराने अँटिथ्रॉम्बिन हे प्रथिन रक्ताला नको तिथे गोठू देत नाही. जखमेपाशी सुटलेले पीएफ-४ या साखळ्या व्यापते, अँटिथ्रॉम्बिनचा आधार सुटतो आणि तेवढ्या जागी गुठळी धरणे सोपे जाते. यावरून ते केवळ गोठवणारे प्रथिन आहे असे म्हणता येत नाही. गोठण्याला आवर घालणाऱ्या प्रोटीन-सी चे सक्रियीकरण तेच वाढवते. पीएफ-४ नसलेल्या उंदरांत आणि ते वाजवीपेक्षा जास्त असलेल्या उंदरांत, दोन्हीकडे गुठळी नीट बनत नाही असे २००४ साली दाखवले गेले. म्हणजे ते असणे किंवा नसणे यापेक्षा धनभार आणि ऋणभार यांचे प्रमाण निर्णायक आहे. पुढे येणाऱ्या आजारांतही हेच प्रमाण कळीचे ठरते.

इतर ऊतींतील कार्ये : अस्थिमज्जेत पीएफ-४ मेगाकॅरिओसाइटांच्या वाढीला लगाम घालते, तेथील रक्तमूलपेशींना विश्रांत अवस्थेत ठेवण्यातही त्याचा वाटा असल्याचे २०१४ मध्ये उंदरांत आढळले. नव्या केशवाहिन्या फुटण्यास ते अटकाव करते. या गुणामुळे १९९०च्या दशकात कर्करोगावर त्याच्या चाचण्या झाल्या, पण औषध उभे राहिले नाही. रोहिणीकाठिण्यात ते मोनोसाइट पेशींना वाहिनीच्या भिंतीशी रोखते आणि त्यांचे विशिष्ट प्रकारच्या महाभक्षी पेशींत रूपांतर घडवते. त्वचा आणि फुप्फुसे कडक करणाऱ्या सिस्टेमिक स्क्लेरोसिस या आजारात प्लाझ्मासाइटॉइड डेंड्रिटिक पेशीही ते स्रवतात, असे २०१४ मध्ये दिसले. २०२३ साली तीन निरनिराळ्या संशोधकगटांनी म्हाताऱ्या उंदरांना पीएफ-४ दिल्यावर त्यांची स्मरणशक्ती सुधारल्याचे एकाच वेळी प्रसिद्ध केले. तारुण्य परत देणारे प्रथिन म्हणून त्याचा गाजावाजा झाला. रक्त गोठण्यात इतका खोल हात असलेले द्रव्य माणसाला टोचण्याच्या गोष्टी त्या निष्कर्षावरून करणे घाईचे आहे.

जंतूंविरुद्धची भूमिका : जीवाणूंच्या पृष्ठभागावरील ऋणभाराला पीएफ-४ चिकटते, तेव्हा त्याचा आकार किंचित बदलतो. तो बदललेला आकार शरीराची प्रतिपिंडे ओळखतात. अनेक जातींच्या जीवाणूंवर एकच खूण उमटत असल्याने एका प्रकारच्या प्रतिपिंडाने पुष्कळ जंतू टिपता येतात. रोगप्रतिकाराची ही फार जुनी आणि काटकसरी युक्ती असावी. दीर्घकाळ हिरड्यांचा दाह असलेल्या लोकांत अशी प्रतिपिंडे अधिक सापडतात. न्यूट्रोफिल पेशी जंतूंना अडकवण्यासाठी डीएनएची जाळी फेकतात. त्या जाळ्यांनाही पीएफ-४ घट्ट करते आणि त्यांना लवकर विरघळू देत नाही.

हिवतापात हा लढा अधिक नेमका होतो. परजीवी शिरलेल्या तांबड्या पेशीला प्लेटलेट चिकटतात, पीएफ-४ सोडतात आणि ते पेशीत जाऊन परजीवीची पाचक पोकळी फोडते. परजीवी हिमोग्लोबिन पचवतो तो याच पोकळीत. ती फुटली की तो मरतो. मात्र पीएफ-४ ला या कामी तांबड्या पेशीवरील डफी हा प्रतिजन लागतो. प्लास्मोडियम फॅल्सिपेरमच्या बाबतीत ही गोष्ट २०१२ मध्ये सिद्ध झाली: डफी नसलेल्या पेशींत प्लेटलेट परजीवीला मारू शकले नाहीत.

हाच डफी प्रतिजन हिवतापाच्या दुसऱ्या परजीवीचा, प्लास्मोडियम व्हायवॅक्सचा, पेशीत शिरण्याचा दरवाजा आहे. पश्चिम आणि मध्य आफ्रिकेतील बहुसंख्य लोकांच्या तांबड्या पेशींवर तो नसतो, त्यामुळे व्हायवॅक्सपासून त्यांना मोठे संरक्षण मिळते. हे १९७०च्या दशकात स्पष्ट झाले. पीएफ-४ चा शोध जोडला, की या संरक्षणाची किंमतही दिसते. व्हायवॅक्सला दार बंद झाले, पण फॅल्सिपेरमविरुद्ध प्लेटलेटची मदत पोचण्याचा मार्गही बंद झाला.

कोकण किनाऱ्याला डफीचा हा विषय परका नाही. रायगड जिल्ह्याच्या श्रीवर्धन तालुक्यातील दिघी बंदर राजपुरी खाडीच्या दक्षिण तीरावर आहे. खाडीच्या मुखाशी समुद्रात जंजिरा उभा आहे. आफ्रिकी वंशाच्या सिद्दींची सत्ता या किल्ल्यावर आणि दिघी-श्रीवर्धनच्या मुलखावर १९४८ पर्यंत होती. हिंदी महासागरातील व्यापार, चाकरी आणि गुलामगिरी यांच्या वाटेने आफ्रिकेतून पश्चिम किनाऱ्यावर माणसे आली, तसे त्यांच्या रक्ताचे गुणही आले. गुजरात आणि कर्नाटकातील सिद्दींच्या २०११ मधील जनुकीय अभ्यासात त्यांचा सुमारे ६० ते ७५ टक्के वारसा आफ्रिकी आढळला. याच सागरी वाटेने बलुचिस्तानच्या किनाऱ्यावर पोचलेल्या मकरानी लोकांत डफी नसण्याचे जनुकरूप मिश्रणानंतरच्या काही शतकांतच निसर्गनिवडीने वाढल्याचे २०१७ मध्ये दिसून आले. आफ्रिकेतून आलेला हा गुण व्हायवॅक्स असलेल्या किनाऱ्यावर उपयोगी पडला. किनाऱ्याचा इतिहास तहनाम्यांइतकाच रक्तपेशींतही लिहिलेला असतो, आणि वैद्यकाच्या अभ्यासकांनी तो वाचला पाहिजे.

प्लेटलेटची मदत दर वेळी हितकारकच असते असेही नाही. मेंदूच्या हिवतापाच्या उंदरांवरील प्रयोगांत पीएफ-४ ने दाह वाढवून आजार गंभीर केला. डेंग्यूत तर ते सरळ विषाणूच्या बाजूने जाते. फरिदाबादच्या प्रादेशिक जैवतंत्रज्ञान केंद्रातील संशोधकांनी २०१९ मध्ये दाखवले, की ते मोनोसाइट पेशींवरील सीएक्ससीआर-३ या ग्राहीमार्फत इंटरफेरॉनची यंत्रणा दाबते आणि विषाणूची वाढ वेगाने होते. पावसाळ्यात महाराष्ट्रातील रुग्णालयांत नातेवाइकांचा पहिला प्रश्न असतो, "प्लेटलेट किती आल्या?" प्रश्न रास्त आहे. पण उरलेल्या प्लेटलेट कोणत्या अवस्थेत आहेत आणि काय सोडत आहेत, हेही तितकेच महत्त्वाचे असते.

हिपॅरिनजन्य प्लेटलेटऱ्हास : बायपास शस्त्रक्रिया, डायलिसिस, हृदयविकार यांत रक्त पातळ ठेवण्यासाठी हिपॅरिन देतात. काही थोड्या रुग्णांत पीएफ-४ आणि हिपॅरिन यांचे मोठे गुंते तयार होतात. हे गुंतेच प्रतिपिंडांचे लक्ष्य असल्याचे १९९२ मध्ये कळले. दोन्ही रेणूंचे प्रमाण जवळपास बरोबरीचे असताना ते सर्वांत सहज बनतात. प्रतिपिंडे गुंत्याला आणि त्याच वेळी प्लेटलेटवरील ग्राहीला धरतात. प्लेटलेट उद्दीपित होऊन आणखी पीएफ-४ सोडतात आणि चक्र वाढत जाते. हिपॅरिन सुरू केल्यावर साधारण पाचव्या ते दहाव्या दिवशी प्लेटलेटची संख्या निम्म्याने उतरते. अशा वेळी रक्तस्रावाची धास्ती वाटणे साहजिक, पण खरा धोका उलट असतो: नीलांत आणि रोहिण्यांत गुठळ्या होतात. संशय येताच हिपॅरिन थांबवून अर्गाट्रोबान, बायव्हॅलिरुडिन किंवा फोंडापॅरिनक्स यांसारखे दुसरे औषध द्यावे लागते. केवळ हिपॅरिन बंद करून भागत नाही.

लसीनंतरचा विकार : ऑक्सफर्ड-ॲस्ट्राझेनेकाची कोविड लस भारतात कोविशिल्ड या नावाने पुण्याच्या सीरम इन्स्टिट्यूटने बनवली. राष्ट्रीय लसीकरण १६ जानेवारी २०२१ रोजी सुरू झाले. त्याच वर्षी एप्रिलमध्ये जर्मनी, नॉर्वे आणि ब्रिटनमधील वैद्यांनी या लसीनंतर काही जणांत मेंदूच्या नीलांत गुठळ्या, कमी प्लेटलेट आणि पीएफ-४ विरोधी प्रतिपिंडे एकत्र आढळल्याचे जाहीर केले. या रुग्णांना हिपॅरिन दिलेले नव्हते. त्यांची प्रतिपिंडे पीएफ-४ वरील आठ ॲमिनो अम्लांच्या जागी, म्हणजे धनभाराच्या त्याच पट्ट्यात, चिकटतात असे पुढे कळले. लसीचा वाहक असलेल्या चिंपांझी-ॲडेनोव्हायरसचे कवच ऋणभारित असून पीएफ-४ त्याला धरते. नैसर्गिक ॲडेनोव्हायरस संसर्गानंतरही असाच विकार क्वचित होतो, हे २०२३ मध्ये नोंदले गेले.

भारताच्या राष्ट्रीय समितीने १७ मे २०२१ रोजी ४९८ गंभीर घटना तपासून त्यांत गुठळ्यांची शक्यता असलेल्या २६ घटना सांगितल्या. कोविशिल्डच्या दर १० लाख मात्रांमागे हे प्रमाण ०.६१ होते. ब्रिटनमध्ये ते सुमारे ४ आणि जर्मनीत १० होते. ॲस्ट्राझेनेकाने ब्रिटिश न्यायालयात हा दुर्मीळ परिणाम मान्य केल्याची बातमी २०२४ मध्ये आली, तेव्हा तीन वर्षांपूर्वी लस घेतलेली माणसे घाबरली. हा विकार लसीनंतर साधारण ४ ते ४२ दिवसांत प्रकटतो. त्यामुळे ती भीती अनाठायी होती. ज्या कुटुंबांनी २०२१ मध्ये माणूस गमावला त्यांचे दुःख मात्र खरे आहे आणि ते आकड्यांच्या लहानपणाने पुसता येत नाही. निदानासाठी प्लेटलेटची संख्या, डी-डायमर आणि एलायझा पद्धतीने पीएफ-४ विरोधी प्रतिपिंडे तपासतात. जलद चाचण्यांत ही प्रतिपिंडे अनेकदा निसटतात. उपचारात शिरेतून इम्युनोग्लोब्युलिन आणि हिपॅरिनेतर रक्तपातळकारक देतात आणि शक्य तोवर प्लेटलेट चढवणे टाळतात.