लग्नाला साक्षी कोण?

लग्न लागले कशाने, असे आमच्या जालन्याच्या मजूरवस्तीत विचारले तर म्हातारी माणसे सांगतील : अक्षता पडल्या, पंगत उठली, लग्न लागले. कायद्याचे समाधान एवढ्यावर होत नाही. हल्ली मोबाइलच्या पडद्यावरून लागलेले लग्न खरे की खोटे, असा वाद चालतो. हा वाद आम्हांस नवा वाटत नाही. लग्नाला हजर कोण असावे, या दीडशे वर्षांच्या भांडणातला हा अलीकडचा मुक्काम आहे.

१८७३ च्या २४ सप्टेंबरला जोतीराव फुल्यांनी पुण्यात सत्यशोधक समाज स्थापला आणि त्याच वर्षी २५ डिसेंबरला भटजीवाचून लग्न लावले. वधूवरांनी एकमेकांस दिलेला शब्द आणि जमलेली माणसे, एवढी साक्ष जोतीरावांना पुरेशी होती. पुढे जुन्नर तालुक्यात ओतूरच्या बाळाजी कुसाजी पाटलांनी हाच मार्ग धरला, तेव्हा जोशांनी आपल्या दक्षिणेसाठी दावा लावला आणि तो मुंबईच्या हायकोर्टापर्यंत गेला. जोशाची हजेरी हा त्याचा हक्क आहे काय, हा तो तंटा.

सरकारी नोंदणीची वाटही सोपी नव्हती. १८७२ च्या कायद्याने लग्न करायचे तर आपण हिंदू, मुसलमान, ख्रिस्ती वगैरे कोणत्याच धर्माचे नाही असे जाहीर करावे लागे. १९२३ साली ही अट हिंदू, बौद्ध, शीख व जैन यांच्यापुरती सैल झाली. १९५४ च्या विशेष विवाह कायद्याने ती सर्वांसाठीच गेली. तीस दिवसांची नोटीस, अधिकारी, तीन साक्षीदार आणि दोघांच्या तोंडचा स्वीकाराचा शब्द, एवढे पुरे झाले. पाठोपाठ १९५५ चा हिंदू विवाह कायदा आला. आपला जालना तेव्हा हैदराबाद राज्यात होता. या कायद्याने लग्न रूढीच्या विधींवर सोपवले. सप्तपदी असेल तेथे सातवे पाऊल पडले की लग्न पुरे. एका कायद्याने लग्न जिभेवर ठेवले, दुसऱ्याने पायांवर.

पायांवर ठेवल्याचे फळ १९६५ साली दिसले. भाऊराव शंकर लोखंडे विरुद्ध महाराष्ट्र राज्य या खटल्यात पहिली बायको हयात असता दुसरे लग्न केल्याचा आरोप होता. दुसरे लग्न गांधर्व पद्धतीने लागले होते. होम व सप्तपदी झाली नाही, आणि त्यांवाचून चालण्याची रूढीही सिद्ध झाली नाही, म्हणून सर्वोच्च न्यायालयाने ते लग्नच मानले नाही. नवरा सुटला. गावाने पाहिलेले लग्न कायद्याने पाहिले नाही आणि त्याचा भुर्दंड पहिल्या बायकोला पडला. १९६७ साली मद्रास राज्याने पुरोहितावाचूनच्या स्वाभिमान विवाहांना कायद्यात कलम घातले. फुल्यांच्या महाराष्ट्रात तसे कलम नाही.

आता पडद्याकडे वळू. २०२० च्या टाळेबंदीत नातलगांनी मोबाइलवरूनच आशीर्वाद दिले. पुढे ज्यांना प्रत्यक्ष येणे शक्य नव्हते, अशी जोडपी कोर्टात गेली. २०२१ साली पंजाब-हरियाणा हायकोर्टाने आधीच लागलेल्या लग्नाची नोंद पडद्यावरील हजेरीने करू दिली. २०२२ साली मद्रास हायकोर्टाने कन्याकुमारी जिल्ह्यातील वधूला अमेरिकेतील वराशी विशेष विवाह कायद्याखाली पडद्यावरून लग्न लावू दिले. पण २०२४ साली सर्वोच्च न्यायालयाने बजावले की हिंदू विवाह कायद्याखाली विधी झाला नसेल तर नुसत्या दाखल्याने लग्न होत नाही. म्हणजे पडद्यातून शब्द जातो, पाऊल जात नाही.

आम्ही म्हणतो, शब्दाला मान द्यावा. जोतीरावांनी तेच केले. परदेशी नोकरीला गेलेल्या इंजिनिअरला जी सोय, तीच दूर राबणाऱ्या मजुरालाही मिळावी. मात्र एक धोका डोळ्यांआड करू नये. आमच्या अंबड-घनसावंगीकडून टोळ्या ऊसतोडीला निघतात, तेव्हा अनेक घरांत पोरीचे हात पिवळे करण्याची घाई असते. पडद्यावर चेहरा दिसतो. वय दिसत नाही, पाठीमागे उभा असलेला दमदाटी करणारा बापही दिसत नाही. म्हणून वधूच्या बाजूला अधिकारी वा त्याचा माणूस प्रत्यक्ष असावा. त्याने जन्माचा दाखला पाहावा, तिला एकटीला विचारावे आणि नोंदीची नक्कल तिच्या हाती द्यावी.

युनियनच्या कामात आम्ही कामावर मेलेल्या मजुरांच्या विधवांबरोबर भरपाईसाठी हेलपाटे घातले आहेत. लग्नाला सारा गाव हजर होता. खिडकीपलीकडचा कारकून विचारी, कागद कुठे आहे? त्या बाईची साक्ष काढायला गाव येत नाही. लग्न मांडवात लागो की पडद्यावर, तो कागद तिच्या पेटीत असला पाहिजे.