मारुती कांबळेचा प्रश्न कोणी विचारायचा?

विजय तेंडुलकरांचे नाव निघाले की आपल्या चळवळीत दोन तट पडतात. एक गट त्यांनी नामदेव ढसाळांच्या ‘गोलपिठा’ला लिहिलेली प्रस्तावना पुढे करतो. दुसरा ‘कन्यादान’ नाटकातल्या बायकोला मारणाऱ्या दलित कवीवर बोट ठेवतो. आम्हाला वाटते, तेंडुलकरांचे राजकारण तपासायचे तर त्यांच्या पटकथाही पाहायला हव्यात.

हा माणूस मुळात पत्रकार. १९७३ ते ७५ या काळात नेहरू फेलोशिप घेऊन त्यांनी समाजातल्या हिंसेचा अभ्यास केला. त्याच सुमारास त्यांच्या पटकथा पडद्यावर येऊ लागल्या. ‘सामना’मध्ये साखरसम्राट, ‘निशांत’मध्ये (१९७५) जमीनदार, ‘मंथन’मध्ये (१९७६) दूध सोसायटीतली जात, ‘आक्रोश’मध्ये (१९८०) कोर्ट. सत्ता गावात कशी मुरते हे इतक्या नेमकेपणाने दाखवणारा दुसरा पटकथाकार मराठीत सापडणे कठीण. हे श्रेय नाकारणे म्हणजे कोतेपणा होईल.

पण आमचा प्रश्न वेगळा आहे. ‘सामना’त मारुती कांबळे गायब होतो. त्याचे काय झाले, हे विचारतो कोण? एके काळचा गांधीवादी, आता दारूत बुडालेला मास्तर. ‘आक्रोश’मध्ये लहान्या भिकू या आदिवासीवर स्वतःच्याच बायकोच्या खुनाचा आरोप ठेवला जातो. सत्य शोधतो कोण? भास्कर कुलकर्णी हा वकील. लहान्या त्याच्याशी एक शब्द बोलत नाही. शेवटी कुऱ्हाड उचलतो तीही बहिणीवर, आपल्या बायकोचे झाले ते तिचे होऊ नये म्हणून.

कोणी म्हणेल, लहान्याचे मौन हाच त्या न्यायव्यवस्थेवरचा आरोप आहे. मान्य. जिथे बोलणे म्हणजे मरण, तिथे माणूस गप्पच राहतो. पण बाबासाहेबांनी ‘मूकनायक’ काढला १९२० साली. आमच्या नाशकात काळाराम मंदिराच्या दारात हजारो लोक उभे राहिले २ मार्च १९३० रोजी. मुक्यांना वाचा फुटून साठ वर्षे झाल्यावरही पडद्यावरचा शोषित मुकाच का? आणि प्रश्न विचारायला दरवेळी मास्तर नाहीतर वकीलच का लागतो?

उत्तराची चाहूल खुद्द तेंडुलकरांच्याच ‘मंथन’मध्ये लागते. शहरातून आलेले डॉ. राव निघून जातात आणि सोसायटीचे काम दलित वस्तीतला भोला पुढे नेतो. याच पटकथेला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. म्हणजे बोलणारा, संघटना बांधणारा शोषित त्यांना दिसत नव्हता असे नाही. तो कथेच्या मध्यभागी मात्र क्वचितच आला.

तो मध्यभागी आणला आपल्या लेखकांनी. नाशिकच्या विहितगावात जन्मलेल्या बाबुराव बागुलांच्या ‘जेव्हा मी जात चोरली होती’ या संग्रहाच्या शीर्षकातच ‘मी’ आहे, आणि तो १९६३ सालचा आहे. पडद्यावर हा ‘मी’ यायला फार उशीर झाला. २०१३ साली नागराज मंजुळेंच्या ‘फँड्री’तल्या जब्याने दगड भिरकावला, तो थेट प्रेक्षकांच्या दिशेने.

तेंडुलकर आणि बागुल, दोघेही २००८ साली गेले. तरुण मित्रांनो, तेंडुलकरांकडून सत्तेची चिरफाड शिका आणि बागुलांकडून ‘मी’ म्हणायला शिका. मारुती कांबळेचे काय झाले, हे आता त्याच्या वस्तीतल्या पोरांनी लिहायचे आहे.

जय भीम!