मायभूमीच्या दारातली चौकशी

वर्गात झायोनवाद शिकवताना मी थिओडोर हर्झलपाशी थांबत नाही. १८९६ साली त्याने ज्यूंच्या स्वतंत्र राज्याची मागणी मांडली, ती युरोपातला ज्यूद्वेष पाहून. गावकुसाबाहेर जन्मलेल्यांना ही तहान समजावून सांगावी लागत नाही.

१९४८ साली इस्राएल स्थापन झाले आणि सुमारे सात लाख पॅलेस्टिनी अरब निर्वासित झाले. छळातून सुटू पाहणाऱ्यांचा विचार आता सत्तेचा विचार झाला होता.

१९५० च्या कायद्याने जगातल्या प्रत्येक ज्यूला तेथे येऊन राहण्याचा हक्क मिळाला. कोकणातले बेने इस्राएलही गेले. शनिवारी घाणा बंद ठेवणारे म्हणून आपल्याकडे त्यांना ‘शनवार तेली’ म्हणत. १९६२ साली तिथल्या मुख्य धर्मपीठाने फर्मावले की, त्यांचे इतर ज्यूंशी लग्न लावण्यापूर्वी आईकडच्या पिढ्या तपासाव्यात. नागरिकत्व होते, पण बेटीव्यवहारात कूळ आडवे आले. बेने इस्राएलांनी जेरुसलेममध्ये धरणे धरले. १९६४ साली संसदेने ते सर्वार्थाने ज्यू असल्याचे जाहीर केले.

इतिहास इथेच संपला असता तर सांगणे सोपे होते. पण कोकणात याच समाजातले ‘गोरे’ इस्राएल ‘काळ्या’ इस्राएलांशी सोयरीक करीत नसत. हे सांगताना माझी जीभ अडखळते. माझ्या बहिणीच्या सोयरिकीत आमच्याच माणसांनी आधी पोटजात विचारली होती. त्या बैठकीत मी, शिकलेला भाऊ, गप्प बसलो होतो.