'निष्ठुरपणें' : एका शब्दाचा आणि एका परिसराचा इतिहास

वर्धा शहराच्या अंगाला लागून सिंदी मेघे नांवाचें गांव आहे. सिंदी रेल्वे निराळी आणि ही सिंदी निराळी. शहर वाढत वाढत या गांवाला येऊन भिडलें. आतां शहर कोठें संपतें व गांव कोठें सुरू होतें, हें नवख्या माणसाला सांगतां यावयाचें नाहीं. कांहीं महिन्यांपूर्वीं तेथें रस्त्याच्या कडेला एका चहाच्या टपरीवर मी बसलों होतों. बांकावर माझ्या एका बाजूला एक म्हातारी होती. दुसरी बाजू रिकामी होती. इतक्यांत एक वृद्ध गृहस्थ आले. त्यांच्या हातांचीं बोटें आंखडलेलीं होतीं, चाल अडखळती होती. जुन्या कुष्ठरोगाच्या त्या खुणा ओळखण्यास वैद्य लागत नाहीं. टपरीवाल्यानें आम्हांला चहा कांचेच्या पेल्यांतून दिला होता. त्यांना कागदी पेल्यांतून दिला. उरलेलीं नाणीं त्यांच्या हातावर न ठेवतां फळीवर ठेवलीं. ते बांकाकडे वळले, आणि मीं काय केलें? पायाशीं ठेवलेली पिशवी उचलून शेजारच्या रिकाम्या जागेवर ठेवली.

मीं विचार करून तसें केलें नाहीं. हात आपोआप गेला. पण म्हातारीनें तें पाहिलें. ती म्हणाली, "काहून रे बापू, असा दगडावानी बसला?" मीं ओशाळून पिशवी खालीं ठेवली. तोंवर ते गृहस्थ उभ्या उभ्याच चहा पिऊन निघून गेले होते.

आजचें हें भाषण त्या एका प्रश्नाच्या उत्तरादाखल आहे. आपल्या भाषेंत अशा वागण्याला 'निष्ठुरपणें वागणें' म्हणतात. या शब्दाचा नेमका अर्थ काय, तो आपण कोणत्या प्रसंगीं वापरतों, आणि वर्ध्याच्या या परिसरानें गेल्या शंभर वर्षांत त्या शब्दाशीं कसा झगडा केला, एवढेंच मला आज सांगावयाचें आहे.

प्रथम शब्दाकडे वळूं. 'निष्ठुर' हा शब्द संस्कृतांतून आला. अमरकोशांत त्याची गणना कठिन, कठोर, दृढ या शब्दांबरोबर केलेली आहे. म्हणजे मूळ अर्थ हाताला लागणाऱ्या कठीणपणाचा. त्याच कोशांत दुसऱ्या ठिकाणीं तो कानाला बोचणाऱ्या परुष वाणीला लाविला आहे. दगडाचा कठीणपणा वाणींत आला आणि वाणींतून मनांत शिरला, असा हा शब्दाचा प्रवास दिसतो. सिंदी मेघे येथील त्या म्हातारीनें अमरकोश पाहिला असेल असें मला वाटत नाहीं. परंतु 'दगडावानी' या एका शब्दांत तिनें कोशकाराचा अर्थ अचूक सांगितला.

आतां याच्या शेजारचे शब्द पाहा. क्रूरपणें, निर्दयपणें, कोरडेपणानें, निर्विकारपणें हे सारे शब्द आपण सैलपणें एकमेकांऐवजीं वापरतों. तथापि त्यांच्यांत भेद आहे. क्रूर माणसाला दुसऱ्याचें दुःख दिसतें. किंबहुना तें दिसावें हीच त्याची इच्छा असते. निर्दय माणसाजवळ दया नसते. कोरडेपणानें वागणारा कर्तव्य पार पाडतो, पण त्यांत ओलावा नसतो. निर्विकारपणा तर कधीं कधीं स्तुतीसही पात्र होतो, कारण योगीही निर्विकारच असतो. निष्ठुरपणाची जात याहून वेगळी आहे. दारांत उभ्या असलेल्या कुळाच्या डोळ्यांतील पाणी पाहण्याचें टाळून सावकार खातेवही उघडतो, तेव्हां तो कुळाला पीडा देण्यासाठीं बसलेला नसतो. त्यानें फक्त ती पीडा आपल्यापर्यंत पोचूं द्यावयाची नाहीं असें ठरविलेलें असतें. हें ठरविणें म्हणजेच निष्ठुरपणा होय.

या शब्दाच्या वापरांत आणखी एक खुबी आहे. दरड कोसळून घर गाडलें गेलें, तर दरडीनें तें निष्ठुरपणें गाडलें असें आपण म्हणत नाहीं. काळानें किंवा दैवानें निष्ठुरपणें घाला घातला असें मात्र म्हणतों. पण तेव्हां आपण काळाला व दैवाला मनुष्यरूप दिलेलें असतें. याचा अर्थ असा कीं, ज्याला कळवळा येऊं शकतो त्यालाच हें क्रियाविशेषण लागूं पडतें. दगडाला कोणी निष्ठुरपणें पडलास म्हणून रागें भरत नाहीं. म्हातारी मला दगडासारखा म्हणाली, ती मी दगड नाहीं हें जाणूनच म्हणाली.

तिसरी गोष्ट व्याकरणाची. 'निष्ठुरपण' या भाववाचक नामाला तृतीयेचा प्रत्यय लागून 'निष्ठुरपणें' असें रूप होतें. तृतीया ही करणाची विभक्ति, हें आपण शाळेंत शिकतों. कुऱ्हाडीनें लांकूड फोडलें, लेखणीनें पत्र लिहिलें, तसेंच निष्ठुरपणें वागलों. कुऱ्हाड म्हणजे हात नव्हे, आणि लेखणी म्हणजे बोट नव्हे. तीं हातांत घेतलेलीं साधनें आहेत, आणि जें साधन हातीं घेतां येतें तें खालीं ठेवितांही येतें. व्याकरणाचा हा निर्णय केवळ शब्दांचा खेळ आहे कीं त्यांत कांहीं सत्य आहे, हें इतिहासाला विचारलें पाहिजे.

इतिहास कुष्ठरोगाचाच घेऊं. या रोगाचा जंतु नॉर्वेमधील हॅन्सन या वैद्यानें १८७३ सालीं शोधून काढला. त्यापूर्वीं आणि त्यानंतरही लोकांनीं त्याला पूर्वजन्मींच्या पापाचें फळ मानलें. रोग्याला घरांतून काढणें, गांवाबाहेर ठेवणें, त्याचें भांडें निराळें करणें ही रीत होऊन बसली. १८९०-९१ सालीं या रोगाच्या चौकशीसाठीं एक कमिशन नेमलें गेलें. संसर्गाचें भय लोक समजतात तेवढें मोठें नाहीं, व सर्वच रोग्यांस सक्तीनें वेगळें ठेवण्याचें कारण नाहीं, असा त्याचा निष्कर्ष होता. तरीही १८९८ सालीं कायदा झाला. त्या कायद्यान्वयें ज्या रोग्याजवळ उपजीविकेचें साधन नाहीं, किंवा जो उघड्या जखमा घेऊन रस्त्यावर भीक मागतो, अशाला वॉरंटावांचून पकडण्याचा अधिकार पोलिसांस मिळाला. श्रीमंत रोगी आपल्या वाड्यांत राहूं शकत होता. पकडला जाई तो निर्धन. कायदा लिहिणारे क्रूर होते असें म्हणण्याचें कारण नाहीं. परंतु रोग्याच्या मनाचें काय होईल हा प्रश्न त्यांनीं कलमांच्या बाहेर ठेविला.

या रोगाचें स्वरूपही आपल्या विषयाच्या दृष्टीनें विचार करण्यासारखें आहे. कुष्ठरोगांत मज्जातंतु बिघडतात आणि त्वचेवर बधिर चट्टे पडतात. तेथें टांचणी टोंचली तरी कळत नाहीं. वेल्लोर येथें डॉ. पॉल ब्रँड यांनीं दाखवून दिलें कीं, रोग्यांचीं बोटें रोग कुरतडून खातो हा समज चुकीचा आहे. बधिर हाताला चुलीवरचें भांडें तापलेलें आहे हें कळत नाहीं, पायांत कांटा रुतलेला जाणवत नाहीं; जखम होते, दुर्लक्षिली जाते, चिघळते, आणि अवयव झडतो. म्हणजे वेदना न होणें हेंच या रोगांतील मोठें अनिष्ट. रोग्याच्या कातडीला बधिरता आली ती जंतूमुळें; भोंवतालच्या निरोगी समाजाच्या मनाला बधिरता आली ती कशामुळें? या प्रश्नाचें उत्तर वर्ध्याच्या आसपास, कांहीं कोसांच्या टापूंत, कांहीं माणसांनीं स्वतःच्या आचरणानें शोधिलें.

विनोबाजींचे सहकारी मनोहरजी दिवाण यांनीं १९३६ सालीं वर्ध्याजवळ दत्तपूर येथें कुष्ठसेवेचें काम उभें केलें. त्या काळीं या देशांत ही सेवा बहुतांशीं ख्रिस्ती मिशनऱ्यांच्या हातीं होती, आणि तिचें श्रेय त्यांस दिलेंच पाहिजे. एका आश्रमवासी तरुणानें रोग्यांमध्यें जाऊन राहावें, त्यांच्या जखमा धुवाव्या, ही तेव्हांच्या लोकांना मोठी विलक्षण गोष्ट वाटली असल्यास नवल नाहीं.

त्यानंतर १९३९ सालीं परचुरेशास्त्री सेवाग्रामला आले. हे संस्कृतचे पंडित, येरवड्याच्या तुरुंगांतील गांधीजींचे सहबंदी. त्यांना कुष्ठरोगानें गांठलें होतें. गांधीजींनीं त्यांना आपल्या कुटीजवळ जागा दिली, आणि ते स्वतः नित्य त्यांच्या अंगाला मालीश करीत. ज्या काळीं रोग्याच्या हातावर पैसा ठेवण्यासही लोक कचरत, त्या काळीं देशाचा सर्वांत मोठा पुढारी त्याच्या पाठीवरून हात फिरवीत होता. यांत औषधाचा भाग थोडा आणि स्पर्शाचा भाग फार होता असें मला वाटतें.

गांधीजींची विधायक कार्यक्रमावरील पुस्तिका १९४१ सालची. ती पुढें १९४५ सालीं वाढविली गेली. तिच्यांत कुष्ठरोग्यांविषयीं एक लहानसें टिपण आहे, आणि त्यांत ते आपल्या आजच्या शब्दाशींच येऊन थांबतात. रोग्यांच्या वांट्यास येणारी उपेक्षा ही जाणूनबुजून केलेली उपेक्षा आहे, असें ते म्हणतात. तिला हृदयशून्य म्हणावें असा मोह त्यांना होतो, आणि अहिंसेच्या कसोटीला लावल्यास तो शब्द खराच ठरतो असा निर्वाळाही ते देतात. तेथेंच दिवाणांच्या संस्थेचा ते गौरवानें उल्लेख करतात. शब्द तोलूनमापून वापरणाऱ्या या पुरुषानें येथें 'अजाणतां' असें म्हटलें नाहीं, ही गोष्ट ध्यानांत घ्या. उपेक्षा जाणून केलेली असते, म्हणजे ती हातीं घेतलेली असते. तृतीया विभक्तीचा निर्णय तो हाच.

पण माणूस हें साधन हातीं घेतो तरी कां? याचें उत्तर बाबा आमटे यांच्या चरित्रांत सांपडतें. बाबांचा जन्म १९१४ सालचा, याच वर्धा जिल्ह्यांतील हिंगणघाटचा. वरोड्यास असतांना एका पावसाळी रात्रीं त्यांना रस्त्याच्या कडेला तुळशीराम नांवाचा कुष्ठरोगी मरणोन्मुख स्थितींत पडलेला दिसला. ज्यांची ख्याति निर्भय म्हणून होती ते बाबा तेथून पळून गेले. मागाहून त्यांना स्वतःची लाज वाटली; ते परतले, आणि तुळशीरामाची अखेरपर्यंत शुश्रूषा केली. बाबा निष्ठुर नव्हते, ते भ्यालेले होते. पण तुळशीरामाच्या बाजूनें पाहिलें तर त्या क्षणीं दोहोंत फरक तो कोणता? पुढें १९४९ सालीं महारोगी सेवा समिति स्थापन झाली, आणि १९५१ सालीं वरोड्याजवळ आनंदवन उभें राहिलें. त्याच वर्षीं गांधी स्मारक कुष्ठरोग प्रतिष्ठान स्थापन झालें. डॉ. वार्डेकरांच्या नेतृत्वाखालीं त्याच्या कार्यकर्त्यांनीं वर्ध्याहून पाहणी, शिक्षण व उपचार अशी त्रिविध पद्धति घालून दिली. यांतील मधला शब्द महत्त्वाचा आहे. औषध रोग्यासाठीं होतें, शिक्षण शेजाऱ्यासाठीं होतें. भय घालविल्यावांचून निष्ठुरपणा जात नाहीं हें त्यांनीं ओळखलें होतें.

आज या रोगावर खात्रीचे उपचार आहेत. जागतिक आरोग्य संघटनेनें १९८१ सालीं अनेक औषधें एकत्र देण्याची पद्धति सुचविली. तिनें रोग निश्चित बरा होतो, आणि उपचार सुरू होतांच संसर्गाचें भय लवकरच संपतें. १८९८ सालचा तो कायदा २०१६ सालीं रद्द झाला. जोडीदाराचा कुष्ठरोग हें घटस्फोटाचें कारण मानणारीं कलमें संसदेनें २०१९ सालीं काढून टाकलीं. तरी २०२३ सालीं या देशांत एक लाखाहून अधिक नवे रोगी आढळले. त्यांतील अनेकांनीं चट्टा दिसूनही वेळेवर दवाखाना गांठला नसेल, आणि त्याचें कारण बहुधा रोगाचें भय नसून शेजाऱ्याचें भय असेल. आपण बांकावर ठेवलेली पिशवी अशी दूरवर पोचते.

श्रोतेहो, कायद्यांतील कलम रद्द करण्यास संसद लागते; हातांतील साधन खालीं ठेवण्यास कोणी लागत नाहीं. सिंदी मेघे येथील त्या टपरीवर मी पुन्हां दोनदां जाऊन बसलों. ते गृहस्थ भेटले नाहींत. ते भेटले असते तर मीं काय बोललों असतों हें मला ठाऊक नाहीं, आणि कदाचित् बोलण्याची गरजही नव्हती. सरकून जागा देणें पुरें झालें असतें. तेवढी जागा आतां मी रिकामी ठेवून बसतों. आपल्या शेजारच्या बांकाकडेही एकदां पाहावें, इतकीच माझी आपणांस विनंती आहे.