बाळंतिणीवरचं छप्पर आणि लिंगभावाचा सिद्धान्त

लिंगभावाचा विचार परदेशी विद्यापीठांत जन्मला आणि तिथून आपल्याकडे आला, ही समजूत महाराष्ट्रापुरती तरी टिकत नाही. १८५५ साली ‘ज्ञानोदय’ या ख्रिस्ती मिशनच्या पत्राने मुक्ता साळवे या जेमतेम चौदा वर्षांच्या मुलीचा मांग-महारांच्या दुःखाविषयीचा निबंध दोन भागांत छापला. पुण्यात जोतीराव-सावित्रीबाईंनी चालवलेल्या शाळेतली ही विद्यार्थिनी. पेशवाईत आपल्या लोकांवर झालेले जुलूम ती सांगते. वेद ब्राह्मणांचेच असतील तर आमचा धर्म कोणता, असं थेट देवाला विचारते. निबंधातली सर्वांत मोलाची जागा मात्र मला वेगळी वाटते. आमच्या बायका बाळंत होतात तेव्हा घरावर छप्परसुद्धा नसतं, थंडीपावसात त्यांचे हाल होतात, असं ती लिहिते. जातीचा आणि बाईपणाचा जाच एकाच देहावर कसा येतो, हे तिने बाळंतिणीकडे बोट दाखवून सिद्ध केलं. पुनर्विवाह आणि केशवपन यांभोवती फिरणाऱ्या एकोणिसाव्या शतकातल्या सुधारणेच्या वादांत या बाळंतिणीला जागा मिळाली नाही.

यावर आक्षेप येतो, की शब्द मुलीचे असले तरी विचार गुरुजींचे, आणि मिशनच्या पत्राला हिंदू धर्मावर टीका हवीच होती. मिशनला ती सोयीची होती, हे मान्य. पण छापणाऱ्याचा हेतू म्हणजे लिहिणारीचा हेतू नव्हे. शेवटी ती आपल्या लोकांना हाक देते ती विद्येची. गुरूंचा प्रभावही नाकारायचं कारण नाही. त्याच वर्षी जोतीरावांनी लिहिलेल्या ‘तृतीय रत्न’ नाटकात जोशाने नाडलेलं कुणबी जोडपं अखेर शाळेची वाट धरतं. मात्र उघड्यावरच्या बाळंतपणाचं दुःख नाटकातून उचललेलं नाही. ते वस्तीतून वर्गात आलं, आणि त्या वर्गाने ते पुरावा म्हणून मान्य केलं. तरुण मुलीला बळ मिळालं ते इथे.

मुक्ताने बाळंतिणीकडे बोट दाखवून जे सांगितलं, तेच पुढे सिद्धान्ताच्या भाषेत आलं. पुणे विद्यापीठातल्या अभ्यासक शर्मिला रेगे यांनी १९९८ साली मांडलं, की स्त्री-चळवळीने ‘स्त्री’ म्हणजे सवर्ण स्त्री धरली, दलित चळवळीने ‘दलित’ म्हणजे पुरुष, आणि दलित स्त्री दोन्हीकडून निसटली. पुढे २०१० मध्ये शिक्षणपद्धतीविषयी लिहिताना त्यांनी जोतीरावांच्या त्याच नाटकाचं नाव शीर्षकात घेतलं. अनुभवालाच ज्ञान मानलं तर प्रत्येक गट आपापल्या कुंपणात राहील, ही शंका रास्त आहे. रेगे यांचं उत्तर असं, की दलित स्त्रीच्या जागेवरून जग पाहणं इतरांनाही अभ्यासाने, स्वतःला बदलून शिकता येतं. म्हणूनच तरुणांच्या सक्षमीकरणाचे आज जे कार्यक्रम चालतात, त्यांत मुलामुलींनी काय ऐकलं याहून त्यांनी स्वतः काय लिहिलं आणि ते कुणी वाचलं, हे आधी पाहायला हवं.